देवकुंड आणि पोपटी: २० जणांच्या एका दिवसाच्या सहलीची आखणी

प्रश्न असा आहे: पुण्याहून २० जणांचा गट, त्यातले बहुतेक डोंगरात पहिल्यांदाच जाणारे. एका दिवसात रायगडातल्या माणगाव तालुक्यातला देवकुंड धबधबा पाहायचा आणि पायथ्याच्या भिरा गावात एखाद्या घरी रायगडी जेवण जेवायचं. जुलैचा दुसरा शनिवार ठरवला आहे. वेळ कशी लावावी, जेवणाला काय सांगावं आणि कशाची काळजी घ्यावी?

आधी तारीख बदला. जुलै सोडा आणि जानेवारीचा पहिला ते तिसरा आठवडा धरा. बाकीची सगळी आखणी या एका निर्णयावर उभी राहते, म्हणून त्याची कारणं नीट सांगतो.

पावसाळ्यात माणगाव तालुक्यातल्या धबधब्यांवर प्रशासन मनाई आदेश काढतं. पूर्वी ते फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १४४ खाली निघत, आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १६३ खाली निघतात. आदेश असताना गट घेऊन गेलात तर जबाबदारी नेणाऱ्यावर येते. पण आदेश नसता तरी जुलैत नेऊ नका असंच सांगितलं असतं. देवकुंड कड्याच्या पायथ्याशी आहे आणि त्याचं पाणी येतं वरच्या ताम्हिणीकडच्या घाटमाथ्यावरून. वर ढग कोसळला तर खाली ऊन असतानाही ओढा फुगतो. सकाळी घोट्याएवढ्या पाण्यातून ओलांडलेला ओढा परतीला कमरेएवढा होतो आणि गट पलीकडे अडकतो. नितळ पाणी अचानक मातकट होणं, काटक्या-पालापाचोळा वाहत येणं, पाण्याचा आवाज चढणं ही पूर येत असल्याची लक्षणं आहेत. पण ती दिसल्यावर हातात काही मिनिटंच उरतात, आणि २० नवख्या माणसांना तेवढ्यात हलवता येत नाही. ३० जून २०२४ ला लोणावळ्याच्या भुशी धरणाच्या मागच्या धबधब्यात एकाच कुटुंबातले पाच जण वाहून गेले, ते अशाच अचानक वाढलेल्या पाण्यात.

आता जानेवारीच का? ऑक्टोबरात पाणी भरपूर असतं, पण ऊन जाळतं आणि गवत छातीएवढं असतं. नोव्हेंबर-डिसेंबर चालण्यासाठी उत्तम. जानेवारीत धार बारीक होते हे खरं, पण डोह नितळ हिरवा दिसतो, वाट कोरडी असते आणि मुख्य म्हणजे वालाच्या शेंगा भरलेल्या असतात. रायगडात भात कापल्यावर जमिनीत उरलेल्या ओलाव्यावर वाल पेरतात. डिसेंबर संपता संपता शेंगा धरू लागतात आणि त्यांच्याबरोबर पोपटीचा, म्हणजे मडक्यात शेंगा भरून जाळावर शिजवण्याचा, हंगाम सुरू होतो. चालण्याजोगी थंडी, धबधब्यात थोडंफार पाणी आणि मडक्यात शिजवायला ताज्या शेंगा या तिन्ही गोष्टी एकत्र येतात त्या या तीन आठवड्यांतच. पाऊस लांबला तर भातकापणी लांबते आणि शेंगाही पुढे जातात. म्हणून तारीख पक्की करण्याआधी गावातून शेंगा सोलून दाण्यांचा फोटो मागवा. दाणा नखाएवढा टपोरा आणि हिरवा असला पाहिजे.

फेब्रुवारीच्या अखेरीनंतर मात्र नाही. भिरा हे उष्णतेचं ठिकाण आहे. मार्चअखेरीसच इथे पारा चाळीस अंश सेल्सिअसच्या वर जातो. वाटेचा पहिला टप्पा उघड्यावर आहे हे लक्षात घेतलं की त्याचा अर्थ कळतो.

कागदपत्रांचं थोडक्यात. पैसे घेऊन सहली नेत असाल तर राज्याच्या २०२१ च्या साहसी पर्यटन धोरणानुसार पर्यटन संचालनालयाकडे नोंदणी करून घ्या. गटाचा अपघात विमा काढा. प्रत्येकाकडून रक्तगट, आजार, चालू औषधं आणि घरच्या माणसाचा नंबर लिहून घ्या. भिऱ्यात स्थानिक वाटाड्या घेऊनच वर जायचं. २० जणांना दोन वाटाडे हवेत, एक पुढे आणि एक मधे, आणि शेवटच्या माणसाच्या मागे तुमचा स्वतःचा माणूस. शेवटच्या माणसाच्या मागे कुणी नसणं, हेच माणसं चुकण्याचं पहिलं कारण. वाट सुरू आहे ना, हे आदल्या दिवशी संध्याकाळी वाटाड्याला फोन करून विचारा.

वेळापत्रक मागून पुढे लावायचं. बहुतेक जण पहाटेपासून सुरुवात करतात आणि मग संध्याकाळी सगळं एकमेकांवर चढतं. जानेवारीत सूर्य सव्वासहाच्या सुमारास मावळतो. परतीचा ताम्हिणी घाट निम्मा तरी उजेडात चढून व्हावा, म्हणून भिऱ्यातून ५:३० ला निघायचं. त्यासाठी पोपटी ४:४५ ला ताटात पडली पाहिजे. मडकं उघडण्याआधी दहा मिनिटं निवावं लागतं, त्याआधी पाऊण तास जाळ आणि त्याआधी अर्धा तास भरणं. म्हणजे ३:१५ ला मडकी भरायला घ्यायची. त्याआधी थोडी विश्रांती आणि हलकं जेवण, म्हणून १:४५ ला गट गावात परत हवा. उतरायला दोन तास धरले तर ११:४५ ला कुंड सोडायचं. चढायला सव्वादोन तास आणि वर पाऊण तास धरला की चालायला सुरुवात ८:४० ला. आठला भिरा गाठायचा तर चांदणी चौकातून पहाटे पाचला गाडी हलली पाहिजे. अंतर साधारण ९० किलोमीटर आहे, पण मुळशीनंतर रस्ता वळणांचा आहे आणि एक थांबा लागतोच.

यात एक वेळ दगडावरची रेघ समजा: साडेअकरापर्यंत कुंड गाठलं नसेल तर जिथे असाल तिथून मागे फिरायचं, कुंड दहा मिनिटांवर असलं तरी. हे सकाळी गाडीतच सगळ्यांना सांगून ठेवा. वर गेल्यावर सांगितलं तर वाद होतो आणि वादात अर्धा तास जातो.

नाश्ता घाटाआधी देऊ नका. पौडला वडापाव आणि मिसळ खाऊन ताम्हिणीच्या वळणांवर बसलेली माणसं भिऱ्यात उतरतात ती पिवळी पडून, आणि पुढचा पहिला तास त्यांचा वाया जातो. वाटेत चहा-बिस्किटं पुरेत. गाडी लागणाऱ्यांना पुढच्या आसनांवर बसवा. खरा नाश्ता भिऱ्यात करा. २० जणांना दीड किलो पोह्यांचे कांदेपोहे आणि चहा. घावणे छान लागतात, पण एका तव्यावर २० जणांचे घावणे होईपर्यंत नऊ वाजतात.

मुळशी जलाशयाच्या काठाने जाताना गटाला पाणी दाखवा आणि त्याची गोष्ट सांगा, कारण दिवसभर ते पाणी पुन्हा पुन्हा भेटणार आहे. हे धरण टाटांनी वीजनिर्मितीसाठी बांधलं. बुडणाऱ्या गावांच्या बाजूने १९२१ ते १९२४ या काळात सेनापती बापटांच्या नेतृत्वाखाली मुळशी सत्याग्रह झाला. घाटमाथ्यावरचं हे पाणी खाली कोकणात भिऱ्याच्या वीजगृहात उतरवलं जातं. ते वीजगृह १९२७ पासून चालू आहे. वीज करून सुटलेलं पाणी कुंडलिकेत जातं आणि त्याच्याच जोरावर कोलाडला राफ्टिंग चालतं. देवकुंड हे कुंडलिकेचं उगमस्थान मानतात. एवढं पाच मिनिटांत सांगता येतं, आणि मग माणसं वाटेवरच्या जलाशयाकडे नुसती फोटोची जागा म्हणून पाहत नाहीत.

वाट एका बाजूने साधारण सहा किलोमीटर. पहिला टप्पा भिऱ्याच्या जलाशयाच्या काठाने, जवळजवळ सपाट आणि उघडा. नवख्या गटाची पहिली चूक इथेच होते. सपाटी पाहून सगळे झपाझप चालतात, गप्पा मारतात, पाणी पीत नाहीत आणि चढ लागला की बसतात. पुढच्या वाटाड्याला सांगून ठेवा की चालताना गटाला पूर्ण वाक्य बोलता आलं पाहिजे, एवढाच वेग. पाऊण तासाने पहिला थांबा, तोही सावलीत. जलाशयात कुणी उतरायचं नाही. काठ चिखलाचा आहे आणि पाण्याची पातळी वीजगृहाच्या गरजेप्रमाणे बदलते.

पुढे ओढा ओलांडून वाट झाडीत शिरते. इथून चढ सुरू होतो, पण अंगावर येणारा नाही. त्रास होतो तो कोरड्या पाल्याखाली लपलेल्या मुळांचा आणि बारीक खड्यांवरून पाय सरकण्याचा. शेवटचा अर्धा तास मोठमोठ्या धोंड्यांमधून जातो. पाण्याने घासून गुळगुळीत झालेले हे दगड कोरडे असताना ठीक, पण तुषारांच्या टप्प्यात आले की शेवाळामुळे पाय ठरत नाही. इथे दोन माणसांत दोन हातांचं अंतर ठेवायला सांगा आणि मोबाइल खिशात.

बुटांबद्दल आठवडाभर आधीच सांगा. रबरी तळाचे, खाचा शिल्लक असलेले, आधी वापरलेले बूट. नवे कोरे बूट चौथ्या किलोमीटरला टाच सोलतात. त्याहून घात करतात ते दोन-तीन वर्षं कपाटात पडलेले महागडे बूट. त्यांच्या तळाचा फोम हवेतल्या दमटपणाने आतून कुजलेला असतो आणि तळ अर्ध्या वाटेत सुटून येतो. वीसजणांत असा एक बूट सापडतोच. मागच्या माणसाच्या पिशवीत कापडी चिकटपट्टी आणि दोन मीटर नायलॉनची दोरी ठेवा. बूट गुंडाळून बांधला की गावापर्यंत पोचतो.

पाणी माणशी दोन लिटर, भिऱ्यातूनच भरून. ओढ्याचं प्यायचं नाही, कितीही स्वच्छ दिसलं तरी. वर खायला गूळ-शेंगदाणे, केळी, राजगिरा लाडू. लिंबू-मीठ-साखरेचं पाणी परतीसाठी राखून ठेवा, कारण गोळे येतात ते उतरताना. प्रथमोपचारात क्रेप बँडेज, जखम धुण्याचं औषध, फोडांसाठी पट्ट्या आणि ओआरएस एवढं पुरतं. वाटेत मोबाइलला रेंज भरवशाची नाही. १०८ आणि ११२ हे नंबर सगळ्यांना माहीत असतात, पण ते लावायला कुठे यावं लागेल हे वाटाड्याकडून आधी समजून घ्या. मोठं रुग्णालय म्हणजे माणगावचं उपजिल्हा रुग्णालय, भिऱ्याहून गाडीने सुमारे तासाभराचा रस्ता. म्हणून चालक गाडी सोडून कुठे जाणार नाही हे त्याला स्पष्ट सांगा.

कुंडावर नियम एकच ठेवा: डोहात कुणीही उतरणार नाही. पोहता येणाऱ्यांनीही नाही. हा डोह लहान दिसतो, पण काठापासून थोड्याच अंतरावर एकदम खोल होतो आणि हिवाळ्यात पाणी बर्फासारखं थंड असतं. चालून तापलेलं अंग त्यात पडलं की श्वास आखडतो, पहिल्याच क्षणी नाकातोंडात पाणी जातं. चांगले पोहणारे धारेखाली जायचा प्रयत्न करतात आणि तिथे वरून पडणारं पाणी खाली दाबतं. शिवाय कड्यावरून सुटणारा लहानसा दगडही एवढ्या उंचीवरून डोकं फोडतो. पाय बुडवायचे तर डोहातून पाणी बाहेर पडतं तिथे, उथळ प्रवाहात, एका वेळी चार-पाच जण आणि वाटाडा समोर उभा. कड्यावर आग्या मोहोळ असू शकतं. आरडाओरडा, धूर, उग्र अत्तर हे सगळं टाळायचं. ड्रोन नकोच.

परतीला गुडघे बोलू लागतात. काठी सुचवा, पावलं लहान. आणि इथे जेवणाशी जोडलेली एक महत्त्वाची गोष्ट करायची: तुमच्यातला एक चपळ माणूस आणि एक वाटाडा, दोघांनी ओढ्यापासून पुढे निघून गटाच्या अर्धा तास आधी गावात पोचायचं. भाकरीसाठी हा निरोप लागतो. तांदळाची भाकरी थांबत नाही. तासाभरात ती वातड होते, दोन तासांत तुकडे पडतात. ज्वारी-बाजरीच्या भाकरीची सवय असलेल्या पुणेकर संयोजकांना हे उमगत नाही. ते 'एक वाजता तयार ठेवा' असं सांगतात, गट अडीचला येतो, आणि मग 'भाकरी कडक होती' असं घरच्या बाईंना ऐकावं लागतं. निरोप आला की आधणात पीठ घालायचं, उकड काढून गरम असतानाच मळायचं आणि भाजायला घ्यायच्या. किलोभर पिठाच्या ११-१२ भाकऱ्या होतात. एका चुलीवर एक बाई तासाला २० भाकऱ्या करते. हलक्या जेवणाला माणशी दीड म्हणजे ३० भाकऱ्या, पावणेतीन किलो पीठ आणि दोन चुली. पीठ त्याच आठवड्यात दळलेलं असावं. जुन्या पिठाच्या भाकरीला थापतानाच चिरा पडतात.

हे पहिलं जेवण हलकंच ठेवा. इथे मोह आवरावा लागतो, कारण गावकरी प्रेमाने कोंबडीचा रस्सा, दोन भाज्या, पापड, खीर सगळं करायला तयार असतात. दोन वाजता ते सगळं खाल्लं तर पोपटी उघडेपर्यंत कुणालाही भूक नसते आणि हंगामातली सगळ्यात चांगली गोष्ट पानात पडून राहते. कुळथाचं पिठलं (२० जणांना ६०० ग्रॅम पीठ), सव्वा किलो तांदळाचा भात, भाकरी, लसणाची चटणी, कांदा आणि पाच लिटर ताक. बस. जेवणानंतर तासभर पडवीत आडवं होऊ द्या. हात-पाय धुवायला पाणी आणि स्वच्छतागृह कुठल्या घरी आहे हे आधी ठरवा. बायका असलेल्या गटात ही गोष्ट जेवणाइतकीच महत्त्वाची.

आता पोपटी. २० जणांसाठी दहा-बारा लिटरची तीन मातीची मडकी. साहित्य असं: ताज्या वालाच्या शेंगा ५ किलो, लिंबाएवढे बटाटे २ किलो, रताळी दीड किलो, अंडी १५ ते २०, कोंबडी साडेतीन किलो, ओवा, खडे मीठ, केळीची पानं आणि प्रत्येक मडक्यामागे दोन कवळे भांबुर्डीचा पाला. ही भांबुर्डी शेताच्या बांधावर आपोआप उगवते. तिला ओव्याच्या जवळ जाणारा उग्र वास असतो. ती गावच्या बायकांनाच आणू द्या, सारखी दिसणारी दुसरी तणं असतात. रस्त्याकडेची धुळकट किंवा फवारणी झालेल्या शेतालगतची नको. सकाळी तोडून सावलीत ठेवायची. पोपटीत पाण्याचा थेंबही घालत नाहीत. पाल्यातला आणि शेंगांतला ओलावा हीच वाफ. पाला सुकलेला असेल तर वाफ कमी पडते आणि शेंगा शिजायच्या आधी करपतात.

शेंगा निवडून घ्या. साल चामट आणि पिवळट झालेली, दाणा नखाने दाबल्यावर दबत नसलेली शेंग काढून टाका, ती कितीही जाळली तरी कच्ची राहते. अळीचं भोक पाहा. धुऊन निथळून त्यांना किलोमागे दोन चमचे खडे मीठ आणि एक चमचा ओवा चोळा. मीठ जास्त वाटेल, पण निम्मं सालीलाच राहतं. ओवा चवीसाठी आहे तसाच पोटासाठीही आहे. वाल खाऊन तीन तास गाडीत बसायचं आहे हे विसरू नका.

कोंबडीबद्दल हौशी लोकांचा हट्ट गावठीचा असतो. पोपटीत गावठी कोंबडी घालू नका. तिला चुलीवर दीड-दोन तास लागतात, इथे जाळ मिळतो पाऊण तास. कोवळी तलंग मिळाली तर गोष्ट वेगळी, नाहीतर ब्रॉयलरच घ्या. तुकडे लहान, प्रत्येकाला दोन चिरा. आलं, लसूण, हिरवी मिरची, कोथिंबीर यांचं वाटण, हळद, मीठ, लिंबू लावून केळीच्या पानात चार-पाच तुकड्यांची पुडकी बांधायची. केळीचं पान आधी जाळावर धरून मऊ करा, म्हणजे दुमडताना फाटत नाही. पुण्यातून मसाला लावलेलं चिकन डब्यात घेऊन निघण्याचा बेत सोडून द्या. पहाटे पाच ते दुपारी चार हा वेळ बर्फाशिवाय त्याला सोसत नाही. चिकन जवळच्या बाजारातून बाराच्या सुमारास आणवा आणि लगेच मसाला लावून बर्फात ठेवायला सांगा.

भरण्याचा क्रम: तळाला चार बोटं भांबुर्डी, मग शेंगांचा थर, मग बटाटे-रताळी (बटाट्यांना चिरा देऊन, त्यात मसाला भरून), मधोमध अंडी आणि पुडकी, पुन्हा शेंगा, आणि शेवटी तोंडाशी भांबुर्डी अगदी ठासून. अंडी कधीही मडक्याच्या भिंतीला लागू देऊ नका, ती तडकतात आणि सगळ्या मडक्याला वास येतो. तोंडाचा पाला ठासलेला नसेल तर मडकं उपडं करताना सगळं बाहेर येतं. तोंड ठासलं तरी आतला माल मात्र गच्च दाबू नका. वाफ फिरायला थोडी मोकळीक लागते.

मडकी उपडी ठेवायची ती कापणी झालेल्या मोकळ्या शेतात, मालकाला विचारून, वाऱ्याला आडोसा असलेल्या बाजूला. जंगलात किंवा वाटेवर आग अजिबात नाही. आजूबाजूचं वाळलेलं गवत दोन-तीन मीटर खरवडून काढा आणि दोन बादल्या पाणी शेजारी ठेवा. भोवती आणि वर पेंढा, त्यावर वाळक्या काटक्या, मधे गोवऱ्या. नुसता पेंढा भडकतो आणि पाच मिनिटांत विझतो. नुसती जाड लाकडं एका बाजूनेच तापवतात. रॉकेल नको, त्याचा वास मातीतून आत जातो. जाळ सगळ्या बाजूंनी सारखा ठेवणं हेच यातलं कसब आहे. एका बाजूने वारा लागला की तिकडची शेंग कच्ची, समोरची काळी, आणि मडकं तडकतं ते वेगळंच. नवं कोरं किंवा ओलसर मडकंही तडकतं. ते आदल्या दिवशी मंद आचेवर तापवून घेतलेलं असावं. तीन मडकी सांगितली तरी चौथं रिकामं जवळ असू द्या.

चाळीस-पंचेचाळीस मिनिटांनी मडक्यावर पाण्याचा शिपका मारून पाहा. चर्र आवाज होऊन पाणी तात्काळ उडून गेलं आणि भांबुर्डीचा वास भोवती पसरला की झालं. पाणी ओघळून खाली आलं तर अजून दहा मिनिटं जाळ हवा. निखारे बाजूला सारून दहा मिनिटं थांबा, मग ओल्या गोणपाटाने दोघांनी मडकं उचलून केळीच्या पानांवर झटकायचं. मुलांना लांब ठेवा, आतली वाफ चेहऱ्यावर येते. पहिलं पुडकं फोडून मोठ्या तुकड्याच्या हाडाजवळ पाहा. गुलाबी असेल तर सगळी पुडकी कढईत टाकून झाकणाखाली पाच-सात मिनिटं परता, लाज वाटून घेऊ नका. शेवटी राखेवर पाणी ओतून हाताने चाचपून पाहिल्याशिवाय शेत सोडायचं नाही.

शाकाहारींसाठी एक मडकं पूर्ण वेगळं, अंडंसुद्धा नाही. त्यावर गेरूने खूण करा आणि तेच आधी उघडा, म्हणजे हात-पानं एकत्र होत नाहीत. नोंदणी करतानाच प्रत्येकाला विचारा की शनिवार पाळता का. सहल शनिवारी असेल तर मांसाहारी म्हणून नाव दिलेले चार-पाच जण आयत्या वेळी शाकाहारी निघतात. मार्गशीर्षात तर महिनाभर पाळणारेही असतात.

शेंगा लांबल्या किंवा तुम्हाला डिसेंबरातच जायचं असलं तर पोपटीचा हट्ट नको. बाहेरगावच्या शेंगा आणून केलेल्या पोपटीत दम नसतो. त्याऐवजी दुपारी पूर्ण जेवण घ्या: वालाचं बिरडं, गावठी कोंबडीचा रस्सा, भाकरी, भात, सोलकढी. तेव्हा भाकऱ्या माणशी अडीच धरा. बिरड्यासाठी निरोप तीन दिवस आधी गेला पाहिजे. कडवे वाल रात्रभर भिजवायचे, मग फडक्यात बांधून मोड आणायचे आणि थंडीत मोडांना दीड दिवसही लागतो. नंतर कोमट पाण्यात घालून एकेक दाणा सोलायचा. २० जणांना सव्वा किलो कोरडे वाल लागतात आणि ते सोलायला दोन बायकांचे दीड-दोन तास जातात. आदल्या रात्री फोन करून बिरडं मागितलं तर कडधान्याची उसळच मिळेल, आणि दोष तुमचा असेल. रश्शासाठी सव्वा-दीड किलोच्या चार कोंबड्या, चुलीवर सकाळी अकरालाच चढलेल्या. या बेतात चारला भिरा सोडता येतो.

पैशांचं शेवटी. आकडा दोन दिवस आधी पक्का करा आणि त्या आकड्याचे पूर्ण पैसे द्या, चार जण आलेच नाहीत तरी, कारण शेंगा, कोंबडी आणि सरपण तेवढ्यांचं आणलेलं असतं. निम्मी रक्कम आगाऊ. स्वयंपाकाचे पैसे स्वयंपाक करणाऱ्या बाईंच्या हातात किंवा त्यांच्याच खात्यात, वाटाड्यांचे वाटाड्यांना. मधल्या माणसामार्फत नको. पाला तोडणारी, शेत देणारा, सरपण आणणारा यांचा हिशेब ठरवताना वेगळा मांडा, नाहीतर तो बाईंच्या पैशांतून जातो. पत्रावळी आणि केळीची पानं गावात गुरांच्या किंवा खताच्या कामी येतात. प्लॅस्टिकच्या बाटल्या आणि वेष्टनं मात्र मोजून गाडीत परत न्यायची, त्यासाठी दोन जाड पिशव्या चालकाच्या आसनामागे सकाळीच अडकवून ठेवा.